फुटलेल्या पाटीची गोष्ट

इंदुरात आमच्या वस्तीत एक लहानसे मराठी वाचनालय आहे. दोन खोल्या, सहा कपाटे आणि पावसाळ्यात हमखास गळणारा एक कोपरा, एवढाच त्याचा संसार. दर रविवारी दुपारी चारच्या सुमारास तेथे दहा-पंधरा माणसे जमतात आणि एखादे पुस्तक मोठ्याने वाचले जाते. श्रोत्यांत स्त्रियांची संख्या अधिक. त्यांच्यापैकी कित्येकींच्या घराण्यांना माळव्यात येऊन पाच-सहा पिढ्या उलटल्या. घरात मराठी, बाजारात हिंदी असा त्यांचा व्यवहार, आणि इंग्रजी कादंबरी आपणहून हाती घेण्याचा प्रसंग विरळा. म्हणून गेल्या पावसाळ्यात आम्ही एक नवा उपक्रम केला. इंग्रजी कादंबरीचे एकेक प्रकरण मी घरी नीट वाचून यावे आणि रविवारी ते मराठीत सांगावे.

पुस्तक कोणते घ्यावे, हा प्रश्न सोडविला तो आमच्यातील सर्वांत धाकट्या सभासद मुलीने. ती महाविद्यालयात दुसऱ्या वर्षाला आहे. "सर, आधी हाडवैर आणि मग प्रेम, अशी एखादी कादंबरी घ्या ना," ती म्हणाली, "आजकाल आम्ही सगळ्या तेच वाचतो." चौकशी करता कळले की, लहानपणचे दोन प्रतिस्पर्धी, त्यांचे विळ्याभोपळ्याचे सख्य आणि शेवटी विवाह, असा कथांचा एक स्वतंत्र प्रकारच अलीकडे मानला जातो व मोबाइलवर तिने अशा दोन डझन तरी कादंबऱ्या संपविल्या आहेत. मी मनाशी म्हटले, या सर्व कादंबऱ्यांची आजी शोभेल असे पुस्तक आपल्या कपाटात आहे, तेच काढू. ते पुस्तक म्हणजे ल्यूसी मॉड माँटगोमेरी या कॅनडातील लेखिकेची 'ॲन ऑफ ग्रीन गेबल्स' ही १९०८ साली बोस्टनमध्ये प्रसिद्ध झालेली कादंबरी.

लेखिकेविषयी दोन शब्द सांगणे अवश्य आहे. तिचा जन्म १८७४ सालचा, कॅनडाच्या पूर्व किनाऱ्यावरील प्रिन्स एडवर्ड बेटावरचा. दोन वर्षांची होण्यापूर्वीच आई गेली आणि आजी-आजोबांनी तिला कॅव्हेंडिश या खेड्यात वाढविले. पुढे शिक्षिकेच्या परवान्याचा दोन वर्षांचा अभ्यासक्रम तिने एका वर्षात पुरा केला आणि त्या बेटावरील तीन खेड्यांत शिक्षिकेची नोकरी केली. कादंबरी लिहून झाल्यावर एकामागून एक प्रकाशकांनी ती परत पाठविली, तेव्हा तिने हस्तलिखित टोप्यांच्या एका रिकाम्या खोक्यात टाकून दिले आणि बऱ्याच दिवसांनी सहज हाती लागले तेव्हा वाचून पाहून पुन्हा पाठविले. प्रसिद्ध झाल्यावर पहिल्या पाच महिन्यांत तिच्या एकोणीस हजारांहून अधिक प्रती खपल्या. मार्क ट्वेनसारख्या वृद्ध व वाकबगार लेखकाने पत्र लिहून, 'ॲलिस'नंतर इतके लाघवी मूल साहित्यात दिसले नव्हते, अशा आशयाची दाद दिली. पण ही झाली थोरामोठ्यांची मते. मला सांगावयाची आहेत ती आमच्या दोन खोल्यांतील श्रोत्यांची.

कथाभाग थोडक्यात असा. ॲव्हनली गावात मॅथ्यू आणि मरिला कथबर्ट ही प्रौढ, अविवाहित भावंडे राहतात. शेतीच्या कामाला हाताशी असावा म्हणून ती अनाथाश्रमातून एक मुलगा मागवितात. निरोपात घोटाळा होऊन येते ती अकरा वर्षांची मुलगी, ॲन शर्ली. हडकुळी, बडबडी आणि लाल केसांची. त्या समाजात लाल केस हे कुरूपतेचे लक्षण समजत. आपल्याकडे रंगावरून मुलींना जे ऐकावे लागते, तेच तिला केसांवरून ऐकावे लागे. ती शाळेत जाऊ लागते, तेव्हा वर्गात गिल्बर्ट ब्लाइद नावाचा चौदाव्या वर्षातला हुशार मुलगा असतो. वर्गातील इतर मुली त्याच्याकडे पाहतात, ही मात्र खिडकीबाहेर पाहत आपल्याच स्वप्नात दंग. तिचे लक्ष वेधून घेण्यासाठी तो तिच्या वेणीचे टोक हातात धरतो आणि सर्वांना ऐकू जाईल असे 'गाजर, गाजर' म्हणून चिडवितो. ॲन उठते आणि आपली पाटी त्याच्या डोक्यात घालते. पाटीचे तुकडे होतात. डोके शाबूत राहते.

येथे आमच्याकडे जो हशा पिकला तो ओसरावयास पाच मिनिटे लागली. मग गुरुजी फिलिप्स काय करतात, ते मी सांगितले. ते ॲनला उरलेली सारी दुपार फळ्यासमोर उभे करतात आणि तिच्या डोक्यावर, या मुलीचा स्वभाव तापट आहे असे खडूने लिहून ठेवतात. तेही तिच्या नावाचे स्पेलिंग चुकवून. गिल्बर्ट स्वतः उठून सांगतो की, चूक माझी, मी तिला चिडविले. गुरुजी तिकडे लक्ष देत नाहीत. दुसऱ्या दिवशी मधल्या सुटीनंतर बरीच मुले उशिरा येतात. शिक्षा एकट्या ॲनला, आणि ती कोणती, तर गिल्बर्टच्या शेजारी बसण्याची. तो हळूच गोड शब्द छापलेली एक बदामी आकाराची गुलाबी वडी तिच्याकडे सरकवितो. ती उचलून ॲन टाचेखाली चिरडते. त्यानंतर जवळजवळ पाच वर्षे ती त्याच्याशी बोलत नाही.

मतभेदास आरंभ झाला तो या पाच वर्षांवरून.

बँकेत नोकरी करणारे एक तरुण गृहस्थ गिल्बर्टच्या बाजूने उभे राहिले. त्यांचे म्हणणे असे की, मुलाने एक शब्द उच्चारला, त्याच दिवशी सर्वांसमक्ष चूक कबूल केली, शाळा सुटल्यावर दारात थांबून क्षमा मागितली. याहून त्याने काय करावयाचे होते? एका शब्दाला पाच वर्षे, ही शिक्षा कोणत्या न्यायात बसते? पुरुष श्रोत्यांनी माना डोलविल्या. तेव्हा आमच्याच गल्लीतील एक सूनबाई, ज्या एरवी चहा वाटण्यापलीकडे फारसे बोलत नाहीत, त्या म्हणाल्या, "एक शब्द कुठं? त्याच्या आधी शेजारणीनं तिला तोंडावर तेच म्हटलेलं असतं. त्याच्या आधी ती ज्या ज्या घरात राहिली तिथं म्हटलं असणार. तिला मुलगा नाही म्हणून परत पाठवायला निघाले होते. ह्यानं शेवटचा शब्द म्हटला म्हणून पाटी त्याच्या डोक्यात बसली, इतकंच." त्यांनी उल्लेखिलेली शेजारीण म्हणजे राचेल लिंड. ॲनला पाहताच तिने केसांवरून टोमणा मारलेला असतो आणि ॲनने तिलाही सडेतोड ऐकविलेले असते. गंमत अशी की, दहा मुले वाढविलेली हीच राचेल पुढे मरिलाला सांगते, उशिरा आलेल्या सर्वांना सोडून एकट्या ॲनला शिक्षा करण्यात गुरुजींचेच चुकले. मुलीला काही दिवस घरीच राहू दे.

टपाल खात्यातून निवृत्त झालेले आमचे एक ज्येष्ठ सभासद चातुर्मासात प्रवचने करतात. त्यांनी हा विषय थेट भागवतापर्यंत नेला. सातव्या स्कंधात नारद युधिष्ठिराला सांगतात की, गोपी कामाने, कंस भयाने आणि शिशुपाल द्वेषाने भगवंतापर्यंत पोहोचला. कारण द्वेष हेही अखंड स्मरणच आहे. ॲनचे तसेच नव्हे काय? शब्दांच्या चढाओढीत आज तो वर, उद्या ती वर. त्याला मागे टाकावे म्हणून ती रात्री जागून भूमितीशी झुंजते. बोलत नाही, पण एक दिवस त्याच्या आठवणीवाचून जात नाही. ही तर शुद्ध विरोधभक्ती! विवेचन सुरेख होते आणि सर्वांनी वाहवा केली. केवळ कोपऱ्यात बसलेल्या, वयाची ऐंशी उलटलेल्या आजी म्हणाल्या, "शिशुपालाला मोक्ष मिळाला खरा, पण शंभर अपराध भरल्यावर, सुदर्शनानं. संसार नाही मिळाला." प्रवचनकारांनी हसून हात जोडले.

मला स्वतःला विरोधभक्तीचा दृष्टान्त अर्धाच पटतो. स्मरण अखंड होते हे खरे, परंतु या कादंबरीत द्वेषाचे रूपांतर प्रेमात आपोआप होत नाही. चिडविणे हे प्रेमाचे पहिले पाऊल होते, असे लेखिका कोठेही सुचवीत नाही. गिल्बर्टला ती आवडली होती हे ती लपवीत नाही, पण म्हणून 'गाजर' हा शब्द ती माफही करीत नाही. आमच्या महाविद्यालयीन मुलीनेच हा भेद नेमका दाखविला. ती म्हणाली की, मोबाइलवरील कादंबऱ्यांत नायक नायिकेचा चारचौघांत पाणउतारा करतो, तिच्या वह्या फाडतो, आणि शेवटच्या प्रकरणात कळते की, हे सारे तो प्रेमापोटी करीत होता. मग सगळे माफ. "आणि आम्हाला ते वाचताना गोड वाटतं, सर. खरं तर वाटायला नको."

या ठिकाणी सूनबाईंनी मला एक प्रश्न विचारला. "तुम्ही इतकी वर्षं मुख्याध्यापक आहात. त्या फिलिप्स गुरुजींच्या जागी तुम्ही असतात तर काय केलं असतं?"

उत्तर तोंडावर आले होते. ते मी गिळले. कारण मला आठवण झाली ती बारा वर्षांपूर्वीची. मी तेव्हा एका शासकीय शाळेत नुकताच मुख्याध्यापक झालो होतो. सातवीतल्या एका मुलीने वर्गातील मुलाला कंपासपेटी फेकून मारली. भुवईवर दोन टाके पडले. तो तिला तिच्या काळेपणावरून रोज एक नाव घेऊन हाक मारीत असे, हे वर्गशिक्षिकेने मला सांगितले होते. मी म्हणालो, मुले आहेत, चिडवावयाचीच. पण रक्त काढणे हा गुन्हा आहे. तिच्या वडिलांना बोलाविले आणि दुसऱ्या दिवशी प्रार्थनेच्या वेळी सर्व शाळेसमोर तिला क्षमा मागावयास लावले. मुलाला मी काहीच विचारले नाही. ती वर्गात दुसरी-तिसरी येणारी मुलगी होती. त्या वर्षी तिने वक्तृत्वाला नाव दिले नाही, आणि पुढच्या जुलैत तिच्या वडिलांनी शाळा सोडल्याचा दाखला नेला. मी त्यावर सही केली आणि विसरून गेलो.

हे मी सर्वांना सांगितले. कोणी काही बोलले नाही. काही वेळाने आजींनी विचारले, "मास्तर, त्या पोरीचं नाव आठवतंय का?"

मुलाचे नाव मला आठवत होते, आडनावासकट. मुलीचे आठवेना. फिलिप्स गुरुजींनी निदान चुकीचे का होईना, नाव फळ्यावर लिहिले होते. त्या सोमवारी मी त्या शाळेतील जुन्या बाबूंना फोन केला. त्यांनी कारण न विचारता दाखल-खारिज रजिस्टर काढून नाव वाचून दाखविले. ते मी माझ्या वहीत लिहून घेतले आहे. पत्ता बारा वर्षांपूर्वीचा आहे.

पुढील रविवारी तळ्याचे प्रकरण होते. मैत्रिणींबरोबर काव्यातला एक प्रसंग नाटकासारखा रंगविताना ॲन गळक्या होडीतून वाहत जाते आणि पुलाच्या खांबाला लटकून राहते. योगायोगाने गिल्बर्ट होडी घेऊन येतो व तिला काठावर पोहोचवितो. तेथे तो पुन्हा मैत्रीचा हात पुढे करतो; आता तुझे केस मला खरोखर सुंदर वाटतात, हेही सांगतो. क्षणभर ॲनचे मन डळमळते. पण त्या दुपारची शिक्षा तिला कालच्यासारखी आठवते, आणि ती नाही म्हणते. तोही मग चिडून, पुन्हा कधी विचारणार नाही, असे बजावून निघून जातो. तो दृष्टीआड होताच तिला वाटते, आपण हो म्हणावयास हवे होते.

येथे स्त्रियांतही दोन तट पडले. सूनबाईसुद्धा डगमगल्या, बुडताना वाचविणाऱ्याला नाही म्हणणे त्यांना जड गेले. उलट, परिचारिकेच्या नोकरीतून निवृत्त झालेल्या एका बाईंनी निक्षून सांगितले की, जीव वाचविणे हे कर्तव्य झाले, त्याची किंमत म्हणून मैत्री मागता येत नाही. त्यांनी तीस वर्षे रोग्यांचे जीव वाचविले आणि कोणाकडून काही मागितले नाही. यावर बँकेतील गृहस्थ म्हणाले, गिल्बर्टने किंमत मागितलीच नाही, त्याने फक्त विचारले. मला वाटते, या वादात दोन्ही पक्ष खरे आहेत, आणि लेखिकेने ते तसेच ठेवले आहेत. ॲनचा नकार तिच्या अधिकारातला आहे, परंतु त्याचे मोल तिलाच द्यावे लागते. कारण आपला राग केव्हाच विरून गेला आहे, हे तिला पुढे उमगते, आणि तोवर तो बोलावयाचा थांबलेला असतो. मागाहून आलेल्या मऊपणाला वाट मिळत नाही, ही गोष्ट तेरा वर्षांच्या मुलीच्या बाबतीत इतक्या गांभीर्याने लिहिणारी कादंबरी मी तरी दुसरी पाहिलेली नाही.

मधला भाग मी भराभर सांगून संपविला. प्रवेश परीक्षेत साऱ्या बेटावरील दोनशे विद्यार्थ्यांत दोघे बरोबरीने पहिली येतात. पुढे अध्यापन विद्यालयात सुवर्णपदक त्याला मिळते, आणि वर्षाला अडीचशे डॉलरची, चार वर्षांची शिष्यवृत्ती तिला. मग बँक बुडाल्याची बातमी वाचताच मॅथ्यू कोसळतो व मरण पावतो. या प्रकरणाच्या वेळी अनेकांचे डोळे ओले झाले. प्रवचनकार चष्मा पुसत राहिले. मरिलाची दृष्टी अधू होत चाललेली, घर विकावे लागणार. ॲन शिष्यवृत्ती सोडून तिच्याजवळ राहण्याचे ठरविते. पण गावातील शाळेवरची शिक्षकाची जागा गिल्बर्टला मिळालेली असते. हे कळताच तो ती जागा सोडतो आणि दूरच्या गावची शाळा पत्करतो. तेथे त्याला राहण्याजेवणाचा खर्च स्वतः करावा लागणार असतो, आणि त्याला तर महाविद्यालयासाठी पैसे साठवावयाचे असतात. हे तो तिला सांगत नाही. तिला कळते ते राचेल लिंडकडून.

संध्याकाळी रस्त्यात दोघे समोरासमोर येतात. तो टोपीला हात लावून पुढे जाऊ लागतो. ॲन हात पुढे करते, आभार मानते, आणि कबूल करते की, तळ्याकाठीच मी तुला क्षमा केली होती. मलाच ते ठाऊक नव्हते. फाटकाशी दोघे अर्धा तास बोलत उभी राहतात. पाच वर्षांचे बोलणे साठलेले असते ना! येथे पहिले पुस्तक संपते.

"संपलं?" आमची महाविद्यालयीन मुलगी जवळजवळ ओरडलीच. "नुसता हात हातात दिला, आणि संपलं?" तिची निराशा खरी होती आणि ती मी येथे नोंदवितो. सात वर्षांनी, १९१५ साली आलेल्या तिसऱ्या भागात ॲन त्याची पहिली मागणी नाकारते, दुसऱ्याच एका देखण्या तरुणात काही काळ गुंतते, आणि गिल्बर्ट विषमज्वराने मरणाच्या दारी आहे हे ऐकल्यावर तिला स्वतःचे मन कळते. लग्न तर १९१७ सालच्या भागात, हे मी सांगितले तेव्हा कोठे तिचे समाधान झाले. पुढील भाग लिहिण्याचा प्रकाशकाचा तगादा लेखिकेला जाचक वाटे, असे तिच्या दैनंदिनीवरून दिसते. वाचकांच्या आग्रहाचा विषय निघाला म्हणून सांगतो: तिच्या चाळीस वर्षे आधी अमेरिकेत लुइझा मे अल्कॉटला 'लिट्ल विमेन'चा पहिला भाग वाचून मुली पत्रे लिहीत की, जो आणि लॉरीचे लग्न लावा. केवळ कोणाला खूश करण्यासाठी मी ते लावणार नाही, असे तिने दैनंदिनीत लिहून ठेवले आणि ते पाळलेही. माँटगोमेरीने लग्न लावले, पण दोन पुस्तके थांबवून लावले. विलंबाने लावलेल्या लग्नाचे वजन मला अधिक वाटते. बँकेतील गृहस्थांना वाटत नाही.

ही कथा दूरदूरच्या घरांत शिरली आहे. जपानमध्ये हानाको मुराओका या बाईंना मायदेशी परतणाऱ्या एका मिशनरी मैत्रिणीने १९३९ साली हे पुस्तक भेट दिले. युद्धाच्या वर्षांत, शत्रुराष्ट्राची भाषा म्हणून इंग्रजीकडे संशयाने पाहिले जात असता, त्या घरात बसून भाषांतर करीत राहिल्या. ते १९५२ साली प्रसिद्ध झाले आणि तेथील मुलींच्या कित्येक पिढ्यांनी वाचले. ही हकीकत मी सांगितली तेव्हा परिचारिका बाईंनी विचारले, "म्हणजे बॉम्ब पडत होते तेव्हा ती बाई ह्या गाजराचं भाषांतर करीत होती?" होय, करीत होती.

शेवटच्या रविवारी पुढचा भाग घ्यावयाचा की नाही, यावर हात वर करून मते घेतली. नऊ जणांनी घ्या म्हटले. विरोधात एकच हात होता, आजींचा. त्यांचे म्हणणे असे की, त्या दोघांना अजून थोडा वेळ फाटकाशीच बोलू द्यावे. बहुमत झाले ते झालेच. पण त्यांच्या मताला मान देऊन मधले दोन रविवार आम्ही पु. ल. देशपांड्यांचे पुस्तक घेतले आहे, आणि दुसरा भाग दिवाळीनंतर सुरू होईल.